टेलिव्हिजनने खाल्लेली कड

५ नोव्हेंबर १९५९, गुरुवार. अंधेरी

लिहायला बसण्याचं कारण असं. आमच्या फिल्म कंपनीचे मालक नानासाहेब, त्यांनी आज माझ्याकडे अहवाल मागितला आणि त्यात काय लिहायचं तेही सांगितलं. दोष कॅमेरामन पास्कल डिमेलोचा, असं माझ्या सहीने हवं आहे. तसं लिहायचं की नाही ते मला ठरवायचं आहे. तोवर जे घडलं ते घडलं तसं इथे. उशीर केला तर माझं डोकंही त्याला सोयीचं वळण देईल.

सकाळी दिल्लीहून ट्रंक कॉल. तिकडच्या टेलिव्हिजन केंद्राचे माथुर. आम्ही त्यांच्यासाठी केलेली पहिली फिल्म, पिण्याचं पाणी घरात कसं ठेवावं, परवा तिथे दाखवली. एका गावच्या शाळेत संच ठेवला आहे, माणसं ओसरीवर बसून बघतात. निवेदनाचा आवाज सांगतो आहे, माठात हात बुडवू नका, लांब दांड्याच्या ओगराळ्याने पाणी काढा. आणि चित्रात बाई सरळ माठात हात घालते आहे. ओगराळं कुठेच नाही. माणसं हसायला लागली. एका म्हाताऱ्याने विचारलं म्हणे, ही बाई कुणाचं ऐकत नाही का?

दुपारी आमच्याकडची प्रत पडद्यावर लावून पाहिली. ओगराळं आहे. फिल्ममधल्या बाईच्या, हिराबायच्या हातात, माठाच्या तोंडाशी, अगदी खालच्या कडेला, पण स्वच्छ दिसतं. खालची हिंदी अक्षरंही आहेत. माथुर म्हणतात तीही तिथे अर्धीच दिसली.

ना.सा.चा पुतण्या शशी मागच्या महिन्यात विलायतेहून शिकून आला. तो मागे उभा होता. म्हणाला, संच चित्राची चारी बाजूंची कड खातो, तेवढी काचेवर येतच नाही, तिकडे सगळ्यांना ठाऊक आहे. त्याच्याखेरीज आमच्यातल्या कुणीही टेलिव्हिजनचा संच डोळ्यांनी पाहिलेला नाही. मीही नाही.

६ नोव्हें., शुक्र.

पास्कलला मीच सांगितलं. दुसऱ्याकडून कळण्यापेक्षा बरं.

त्याने फिल्म स्वतः यंत्रावर चढवली, ओगराळ्याच्या शॉटवर थांबवली. म्हणाला, "हाय ना ओगराळा? हाय. मग मशीन खातंय तर मशीनला बोला. मना कशाला?"

त्याचं म्हणणं खोटं नाही. दिल्लीने चित्राचं लांबी-रुंदीचं प्रमाण कळवलं होतं. त्या प्रमाणात आम्ही पुठ्ठ्याला खिडकी कापली आणि मढच्या कोळीवाड्यात, हिराबायच्या घरी, प्रत्येक शॉट आधी त्या खिडकीतून पाहिला. मी पाहिला, मग त्याने. वर हिराबायचा चेहरा, खाली माठ, आणि मधे तिचा हात खाली उतरतो. मला ती मांडणी आवडली होती. सिनेमाच्या पडद्यावर आजही कुणी नाव ठेवणार नाही.

कॅमेऱ्यामागे उभं राहण्यात त्याचं आयुष्य गेलं. मरोळच्या गावठाणातला माणूस. स्टुडिओ बुडाले, मालक पळाले, हा दुसऱ्या दिवशी वेळेवर हजर. त्याची पोर नर्सिंगला आहे, बायको दम्याची. पण हे अहवालात यायचं कारण नाही.

शशीबद्दल विचारलं, तर म्हणाला, "पोरगा चांगला हाय. पण त्याला आणून बसवायला खुर्ची लागते, बाई. आपल्या इथे खुर्ची एकच."

७ नोव्हें., शनि.

ना.सा. आज गोडीत. दिवाळीचा उरलेला चिवडा स्वतः पुढे केला. ते काहीतरी मागणार असले की खायला देतात.

त्यांचा हिशेब सरळ आहे. माथुर कामासाठी मुंबईला येतायत. दिल्लीला आरोग्यावरच्या आणखी फिल्म हव्यात, त्या आम्हाला द्यायच्या की नाही ते इथे ठरवणार. ना.सा.ना त्यांना सांगायचं आहे की चूक सापडली, माणूस बदलला, नवा माणूस विलायतेत टेलिव्हिजनच शिकून आलेला आहे. त्यासाठी कागद हवा. मालकाने पुतण्याला बसवलं असं दिसायला नको. बाईंनी लिहिलं म्हणजे प्रश्न मिटला.

म्हणाले, "तुमच्या शब्दावर कुणी शंका घेत नाही, म्हणून तर तुम्हाला सांगतोय."

मी म्हटलं, जे यंत्र मी पाहिलेलं नाही त्याच्याविषयी सही करणार नाही. त्यांनी विचारलं, आता तुम्हाला दिल्लीला पाठवू काय? मी म्हटलं, फोर्टात प्रदर्शन चालू आहे, तिथे एका परदेशी कंपनीने संच मांडलाय, कॅमेऱ्याला तारेने जोडून चालवून दाखवतात. उद्या जाते. पास्कललाही नेते.

चिवड्याची बशी तशीच ठेवून मी उठले. चिवडा मऊ पडला होता.

८ नोव्हें., रवि.

पास्कल चर्चमध्ये मिस्सा आटपून परस्पर आला. काळा सूट, केसांना तेल. मी म्हटलं, लग्नाला चाललास का रे? म्हणाला, "मशीनला भेटायचंय ना. चांगला दिसला पायजे."

मांडणी अशी: कापडी भिंत, एका टोकाला कॅमेरा, दुसऱ्या टोकाला दोन संच, शेजारी शेजारी. लोक रांगेने कॅमेऱ्यासमोरून जातात आणि काचेवर स्वतःला बघून लाजतात. बायका पदर सावरतात, पुरुष भांग. संच मला वाटला होता त्याहून लहान. काच फुगीर. चित्र निळसर, थरथरणारं. यासाठी आपण एवढं काम केलं, असं क्षणभर मनात आलं.

पास्कलने तिथल्या विक्रेत्याशी इंग्रजीत गोड बोलून कॅमेऱ्याच्या भिंगातून बघायची परवानगी काढली. मला समोर उभं केलं. माझ्या हातात छत्री. "बाई, छत्री बाजूला धरा. अजून. अजून थोडी." तो भिंगातून बघे, मग धावत संचापाशी जाई, मग परत. रांगेतल्या एकाने विचारलं, मावशी, छत्रीचा फोटो काढताय का? मी म्हटलं, हो, आणि तुम्ही मधे आहात.

भिंगात छत्रीची मूठ दिसत होती. संचावर नव्हती. मग खाली धरली: भिंगात टोक दिसलं, काचेवर माझं मनगटसुद्धा नाही. पुढची गंमत अशी की दोन संचांचं एकमेकांशी जमेना. डावा थोडी कड खातो, उजवा पुष्कळ. विक्रेता म्हणाला, प्रत्येक संचाची तऱ्हा वेगळी, आणि विजेचा दाब कमी झाला की आणखी बदलते.

पास्कल उजव्या संचासमोर बराच वेळ उभा राहिला. काचेच्या कडेवर बोटं ठेवून अंतर मोजत होता. बाहेर आल्यावर चहा घेतला. कपात तसाच ठेवला.

"बाई, कडेला ठेवलेली वस्तू बघणाऱ्यापर्यंत जाते, येवढं मना पक्कं ठाव होतं. आता ता पण नाय."

चहा संपव म्हटलं.

९ नोव्हें., सोम.

ना.सा.ना अहवाल दिला नाही. पाहिलं ते सांगितलं. दिल्लीने प्रमाण कळवलं, कड खाल्ली जाते हे त्यांनी कळवलं नाही, आम्ही विचारलं नाही, कारण असं काही विचारायचं असतं हेच माहीत नव्हतं. यात एका माणसाचा दोष काढायचा तर मी काढणार नाही. त्याऐवजी एक दिवस द्या. मढला जाऊन तेवढे शॉट पुन्हा घेतो. माथुर येतील तेव्हा कागदाऐवजी त्यांच्या हातात सुधारलेली फिल्म ठेवा.

ते म्हणाले, शशीला घेऊ द्या शॉट. मी म्हटलं, नाही, पास्कलच घेईल. शशीने शेजारी उभं राहावं.

"बाई, तुम्हाला त्याचा एवढा पुळका का?"

पुळका हा शब्द मला लागला. पुळका नाही. मी बी.ए. होऊन या धंद्यात आले तेव्हा चित्रपट मुके होते. पडद्यावरची वाक्यं लिहायचं काम माझं. वाक्य लहान, सोपं, वाचायला वेळ पुरेल असं. लोक नावाजत. मग बोलपट आला आणि एका शनिवारी सांगितलं, उद्यापासून येऊ नका. मला काय येत नाही ते कुणी सांगितलं नाही. शिकायला वेळही कुणी दिला नाही. मी स्वतःच्या जोरावर फिल्म जोडायला शिकले, परत आले, ते माझं नशीब. सगळ्यांना तसं जमत नाही.

हे ना.सा.ना सांगितलं नाही. एवढंच म्हटलं, माणसाला नवीन गोष्ट कळल्यावर एकदा तरी करून बघू द्यावी.

शेवटी कबूल झाले. अट: एकच दिवस, आणि दिल्लीला पसंत पडलं नाही तर पास्कल घरी. आणि मग त्यांना हवा तो कागद मी द्यायचा. पहिल्या भागाला हो म्हटलं. दुसऱ्यावर काही बोलले नाही. त्यांनी ते हो धरलं असावं.

१० नोव्हें., मंगळ.

आता हा नाही म्हणतो.

संध्याकाळी जोडकामाच्या खोलीत आला, दार लावलं. त्याचं म्हणणं असं. चारी बाजूंना जागा सोडायची, त्यात काही ठेवायचं नाही, सगळं मध्ये गोळा करायचं. याला चित्र म्हणत नाहीत. गावठाणात लग्नाचे फोटो काढणारा पोऱ्या नवरा-नवरीला असा मधोमध उभा करतो आणि आजूबाजूला भिंत दाखवतो. त्याला आपण हसतो. "तेच मी करू? या वयाला? शशीला सांगा. मी घरी बसतो."

मी: घरी बसून काय करणार?

तो: मासे पकडीन.

मी: तुला मासे पकडता येत नाहीत. मागच्या वेळी होडीत उलटी केलीस.

हसला नाही.

मग मला राग आला. म्हटलं, ऐक. तुझ्या चौकटीचं कौतुक करायला त्या ओसरीवर कुणी बसत नाही. त्यांच्या घरातली पोरं पाण्याने आजारी पडतात. त्यांना ओगराळं दिसलं पाहिजे. ते दिसेल असं ठेवणं तुझं काम. मग ते चित्र पोऱ्यासारखं दिसो की तुझ्यासारखं. तुला जमत नसेल तर नाही म्हण, मी ना.सा.ना तसं सांगते. पण आवडत नाही म्हणून नाही म्हणू नकोस.

तो दाराशी गेला, कडी काढली. मग विचारलं, परवा पहिली होडी किती वाजता.

११ नोव्हें., बुध.

शशी दुपारी माझ्या टेबलापाशी घुटमळला. शेवटी म्हणाला, "बाई, मला काम हवंय. पण असं नकोय."

मी म्हटलं, काकांना सांग.

"सांगवत नाही."

विलायतेचा खर्च काकांनीच केला असणार. मुलगा सरळ आहे. त्याचाही मला राग यायला हवा होता, येत नाही. ही एक अडचणच.

१२ नोव्हें., गुरु.

मढ. वर्सोव्याहून पहिली होडी. ऊन चांगलं मिळालं.

हिराबायने दारातच अडवलं. कमरेवर हात. "काय गो बाय, एकदा उकललेला पानी आता परत उकलाचा? लाकडा काय फुकट येतान?" लाकडं आम्ही आणली होती, ती दाखवली. मग शेजारणींना हाका मारून सांगत सुटली की दिल्लीच्या मशिनीनं तिचा ओगराळा चोरला, आता ती भरपाई मागणार. पास्कलला म्हणाली, "तू रं, मागल्या येली माजा तोंड बरा दिसला का नाय?" तो म्हणाला, तोंडच दिसलं, म्हणून तर परत आलो.

हसला. चार दिवसांत पहिल्यांदा.

भांडण पुढे झालं. शशीने पुस्तकातलं माप आणलं होतं: कड इतकी सोडावी. त्याप्रमाणे काळ्या कागदाची पट्टी कापून आणलेली. पास्कलची पट्टी वेगळी, प्रदर्शनातल्या उजव्या संचावरून बोटांनी घेतलेली, बरीच जाड. शशी म्हणाला, एवढी जागा सोडली तर हिराबाईंचा चेहरा वाटाण्याएवढा होईल, त्या लहान काचेवर ओळखूसुद्धा येणार नाही. पास्कल म्हणाला, पुस्तकवाल्याचा संच चांगला असेल, शाळेतला कसा असेल ते कोण सांगतं? तिथली वीज कशी असेल? दोघांचंही खरं. फिल्म एका वेळेपुरतीच आणलेली. दोन्ही तऱ्हेने घ्यायची सोय नाही.

दोघांनी माझ्याकडे पाहिलं.

मी पास्कलची जाड पट्टी घ्यायला सांगितलं. पण कॅमेरा पुढे न्या, म्हटलं. चेहरा नको. माठ आणि हात एवढंच. चेहरा आधीच्या शॉटमध्ये लोकांनी पाहिलाय, तो हात कुणाचा ते त्यांना कळेल.

पास्कल म्हणाला, बिनचेहऱ्याची बाई? मी म्हटलं, हो. शशीने मान हलवली. हिराबाय म्हणाली, मंग मी इतका कुकू कशाला लावला?

शॉट घेतले. माठ मधोमध. ओगराळं येतं, बुडतं, भरून वर येतं. आजूबाजूला नुसती शेणाने सारवलेली जमीन. पास्कलने भिंगातून डोळा काढला तेव्हा तोंड कडू झाल्यासारखं केलं. पण शॉट नीट घेतला. ओगराळ्याच्या दांड्यावर ऊन पडेल अशी वेळ धरून घेतला. ते त्याला कुणी सांगितलं नव्हतं.

अक्षरांची पाटी पुन्हा रंगवली. अक्षरं वर, लहान ओळीत. वाक्यं मी निम्मी केली.

येताना होडीत त्याला मळमळलं. शशीने त्याचा कॅमेरा मांडीवर धरला.

१४ नोव्हें., शनि.

लॅबमधून प्रत आली. दिवसभर जोडकाम. जुने शॉट काढून नवे बसवले, निवेदनाशी जुळवले. माझ्या निर्णयाबद्दल मला खात्री नाही. माठ आणि हात मिळून ते घर कुणाचंच वाटत नाही. हिराबायचं तर नाहीच.

दुपारी ना.सा.नी मोठ्या पडद्यावर पाहिलं. बघता बघता खुर्चीत सरकायला लागले. "हे काय केलंय? सगळं मधे गोळा. बाजूला नुसती जमीन. हे मी माथुरांना दाखवू?"

मी म्हटलं, पडद्यावर बघू नका. ते पडद्यासाठी नाहीच.

"मग कशावर बघू? माझ्याकडे संच आहे?"

तेव्हा शशी बोलला. "असंच हवं, काका."

एवढंच. पण काकांसमोर बोलला. ना.सा.नी त्याच्याकडे बघितलं, मग माझ्याकडे, जणू मीच पढवलं. मी पढवलेलं नाही.

तरी जाताना हुकूम सोडून गेले. दिल्लीचं उत्तर येईपर्यंत पास्कलने कामावर येऊ नये. कॅमेऱ्याच्या कपाटाची किल्ली शशीकडे द्यावी.

पास्कलला हे मी सांगितलं. त्याने विचारलं, उत्तर कधी? मी म्हटलं, माथुर फिल्म बरोबर नेतील, तिथल्या संचावर लावतील, गावात दाखवतील, मग कळेल. म्हटलं, धीर धर. मला सांत्वन जमत नाही. त्याने मान हलवली आणि दिवे बंद करत गेला, रोजच्यासारखे एकेक.

१६ नोव्हें., सोम.

अहवाल लिहिला. एकच पान. काय घडलं, का घडलं, काय केलं. ज्या कामाचं यंत्र आपण पाहिलेलं नाही ते काम घेण्यापूर्वी यंत्र पाहावं, अशी शिफारस. पास्कलचं नाव एकदा: फेरचित्रण यांनी केलं. शशीचंही एकदा: साहाय्य. दोष या शब्दाखाली कुणाचंच नाव नाही.

ना.सा.नी वाचला. म्हणाले, मी हा मागितला नव्हता. मी म्हटलं, सही करण्यासारखा माझ्याकडे एवढाच आहे. दुसरा हवा तर दुसऱ्याकडून घ्या, आणि तसं असेल तर जोडकामालाही दुसरी बाई बघा.

हे बोलायचं ठरवलं नव्हतं. बोलून झाल्यावर मी खुर्चीत बसले. त्यांनी कागद खणात ठेवला. फाडला नाही.

१८ नोव्हें., बुध.

माथुर आले. बारीक चणीचे, चष्मा, दिल्लीच्या थंडीचा कोट इथेही अंगात. हिंदीतून बोलणं. फिल्म मोठ्या पडद्यावर पाहिली. मी विचारलं, कसं वाटलं? म्हणाले, "बहनजी, इथे मला काही वाटून उपयोग नाही. ओसरीवर बसून बघेन तेव्हा सांगेन." हा माणूस मला बरा वाटला.

ना.सा. मधेच म्हणाले, आता नवा माणूस ठेवलाय, विलायतेत शिकलेला. माथुरांनी विचारलं, हे शॉट त्यांनी घेतले? शशी खाली बघत म्हणाला, नाही, डिमेलोंनी. मी शेजारी होतो. माथुरांनी नाव टिपून घेतलं. कशासाठी ते कळलं नाही.

पास्कल फाटकाशी आला होता. आत आला नाही. मी बाहेर गेले. खिशातून किल्ली काढून माझ्या हातात दिली. "साहेब शशीला दे म्हणाले होते ना," मी म्हटलं. तो म्हणाला, "त्यांना द्यायची तर तुम्ही द्या. मी तुमच्याकडे दिली." आणि मरोळच्या बाजूला चालू लागला.

नोंद, आज दिलं-घेतलं त्याची:

माथुरांना: फिल्मची दुरुस्त प्रत, एक डबा. निवेदनाचं ध्वनिमुद्रण, एक डबा. अक्षरपाट्यांचा मजकूर, हिंदी. पोच घेतली.

ना.सा.ना: अहवाल, परवाच दिला. आज परत मागितला नाही, परत मिळाला नाही.

पास्कलकडून मला: कॅमेऱ्याच्या कपाटाची किल्ली, दोरीसकट.

संध्याकाळी ना.सा.नी दारातून विचारलं, किल्ली कुठाय? माझ्याकडे आहे, म्हटलं. ते मग गेले.

शशीला अजून दिलेली नाही.